लाल तारा आणि दोन ओळींचा कोड

गेल्या शनिवारी माळा आवरायला घेतला आणि ॲन मॅकॅफ्रीचं 'ड्रॅगनफ्लाइट' हाती लागलं. कॉलेजात असताना फुटपाथवरून घेतलेलं, कव्हर नसलेलं. माळा तसाच राहिला, पुस्तक रात्री दोन वाजता संपलं. (यावर बायकोचं मत इथे देत नाही.)

कॉलेजात वाचलं तेव्हा फक्त ड्रॅगन दिसले होते. आग ओकणारे, आपल्या स्वाराशी मनातल्या मनात बोलणारे... त्या वयात आणखी काय हवं असतं? या वेळी मात्र ड्रॅगन बाजूलाच राहिले. डोक्यात बसला तो आकाशातला लाल ठिपका.

गोष्ट थोडक्यात अशी. पर्न नावाचा ग्रह आहे आणि त्याचा सूर्य आहे रुकबात. हा तारा खरोखर आहे बरं का, धनु राशीत. अरबी नाव आहे, अर्थ गुडघा. धनुर्धराचा गुडघा! खरा रुकबात निळसर, चांगलाच तापट तारा आहे. मॅकॅफ्रीबाईंनी त्याला आपल्या सूर्यासारखा पिवळा करून टाकलाय. या रुकबातभोवती एक उपरा, भटका ग्रह अडीचशे वर्षांत एक फेरी मारतो. पर्नवरून तो लाल दिसतो म्हणून त्याला म्हणायचं 'रेड स्टार'. तो जवळ आला की पन्नासेक वर्षं आकाशातून चंदेरी धागे पडत राहतात आणि जे जे जिवंत सापडेल ते फस्त करतात. दगडापुढे आणि धातूपुढे त्यांचं काही चालत नाही. म्हणून माणसं दगडी गढ्यांमध्ये राहतात आणि धागे हवेतच जाळायला ड्रॅगन पाळतात. मग तारा लांब जातो आणि दोनशे वर्षं सगळं शांत.

आता आकडा दिसला की आमचे हात शिवशिवतात. केप्लरचा तिसरा नियम लावून बघितला. अडीचशे वर्षांची फेरी म्हणजे सूर्यापासून सरासरी अंतर पृथ्वीच्या चाळीसपट, जवळजवळ आपल्या प्लूटोइतकंच. असा ग्रह लांबट कक्षेतून पार पृथ्वीच्या अंतरापर्यंत आत येणार असेल, तर गुरूची कक्षा ओलांडून आत शिरण्यापासून परत बाहेर पडेपर्यंत त्याला लागतात जेमतेम सव्वादोन वर्षं. पन्नास कुठून आणली? नंतरच्या पुस्तकांत बाईंनी एक पॅच मारलाय, की धागे त्या ग्रहावरचे नाहीतच, ऊर्ट मेघातला माल तो ओढून आणतो. पण या हिशोबाने त्याची कक्षा ऊर्ट मेघाच्या जवळपासही जात नाही. म्हणजे बग तसाच.

असो. बग असला तरी त्या लाल ताऱ्याने मला रात्री दोनपर्यंत जागं ठेवलं, आणि ते धाग्यांमुळे नाही. पुस्तक सुरू होतं तेव्हा तारा येऊन गेल्याला चारशे वर्षं झालेली असतात. मधली एक फेरी चुकलीये. धागे पाहिलेलं कुणीही जिवंत नाही, पाहिलेल्यांना पाहिलेलंही नाही. ड्रॅगनांच्या सहा ठाण्यांपैकी पाच ओस पडलीत. गढ्यांच्या आसपास झाडझाडोरा वाढलाय, जो वाढू द्यायचा नाही असा जुना दंडक होता. सरदार लोक विचारतात, या ड्रॅगनवाल्यांना आम्ही फुकट का पोसायचं? आणि गंमत म्हणजे त्यांचं म्हणणं बिनतोड आहे! चारशे वर्षांचा लॉग तपासा, एकही नोंद नाही.

हे वाक्य वाचताना मला घाम फुटला, कारण अगदी हेच वाक्य मी एका मीटिंगमध्ये बोललोय.

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. कुठल्या कंपनीतली ते जाऊ दे. व्याजाचा हिशोब करणारा एक जुना प्रोग्रॅम मी साफसूफ करत होतो. त्यात दोन ओळींचा एक चेक होता, वर कॉमेंट: 'याला हात लावू नये.' बस्स. का लावू नये, ते नाही. लिहिणारे गृहस्थ रिटायर झालेले, सगळे त्यांना काका म्हणायचे. मी दोन वर्षांचे लॉग बघितले. त्या ओळी एकदाही चालल्या नव्हत्या. "डेड कोड आहे," मी ऐटीत सांगितलं. सगळ्यांनी माना डोलावल्या. उडवला.

३१ डिसेंबर २०२४. लीप वर्षाचा तीनशे सहासष्टावा दिवस. त्या दोन ओळी चार वर्षांतून एकदाच, त्याच दिवशी चालायच्या. हजारो खात्यांचं व्याज चुकलं. नवीन वर्ष मी ऑफिसात कोरडी बिस्किटं खात पाहिलं. माझ्याबरोबर एक नवी पोरगीही बसली होती, जिचा यात काडीचाही संबंध नव्हता. रिलीज नोटवर नाव तिचं होतं म्हणून पहिला मेल तिला आला. तो उडवायचा निर्णय माझा होता हे मी सांगितलं, पण दुसऱ्या दिवशी दुपारी. तेवढा वेळ का लावला, याचं बरं उत्तर माझ्याकडे नाही.

पर्नवाले आमच्यापेक्षा हुशार. त्यांनी डोंगरावर एक भोक असलेला दगड उभा केलाय. हिवाळ्यात ठरावीक पहाटे त्यातून लाल तारा दिसला, की समजायचं वेळ आली. शिवाय पोरांना शिकवायची गाणी. त्यातल्या एका गाण्यात नुसता प्रश्न आहे, की ती पाच ठाणी ओस का पडली? उत्तर नाहीच. चारशे वर्षं पोरं ते घोकतात. शेवटी लेसा, पुस्तकाची नायिका, त्या प्रश्नाच्या मागे लागते आणि ड्रॅगनवर बसून चारशे वर्षं मागे जाते. ठाणी ओस पडली, कारण तीच तिथल्या सगळ्यांना आपल्या काळात लढायला घेऊन आली! दगड फक्त धोका सांगत होता. गाण्याने मात्र तिला स्वस्थ बसू दिलं नाही.

आमच्या काकांनी दगड ठेवला होता. आणि मी तो वाटेत येतो म्हणून हलवला.

त्या जानेवारीत त्यांना फोन केला होता. वाटलं, चिडतील. "अरे, मला वाटलं वाचणाऱ्याला कळेल," म्हणाले, आणि मग बराच वेळ गुडघ्याच्या ऑपरेशनबद्दल बोलत राहिले.

त्या दोन ओळी मी परत टाकल्याच होत्या. या सोमवारी कॉमेंट बदलली. 'हात लावू नये' काढलं आणि लिहिलं, '२०२४ च्या शेवटच्या दिवशी व्याज का चुकलं होतं?' रिव्ह्यूमध्ये त्याच पोरीने विचारलं, "सर, हा प्रश्न कॉमेंटमध्ये का?" तिला पुस्तक दिलंय. कव्हर नाही म्हणून जरा नाक मुरडलं तिने.

पुढची खेप ३१ डिसेंबर २०२८. रविवार येतोय, बघून ठेवलाय.