सोंग आणि माणूस

दिवाळीनंतर पूर्व विदर्भात मंडया भरू लागल्या म्हणजे नागपूर-भंडाऱ्याकडच्या खेड्यांत खडी गंमत उभी राहते. शाहीर डफावर थाप देतो, तुणतुणे वाजू लागते, आणि लुगडे नेसलेला, डोळ्यांत काजळ घातलेला पुरुष, म्हणजे नाच्या, पुढे येऊन मुरका मारतो. हा खेळ पाहताना माझी दृष्टी नाच्यापेक्षा भोवतालच्या मंडळींकडेच अधिक वळते. समोर पुरुष आहे हे तेथे कोणास ठाऊक नसते? तरीही नोट पुढे करणारा हात क्षणभर घुटमळतो. कोणाला त्या वेषात स्त्री दिसत असेल. कोणाला पुरुषच दिसत असेल, आणि ज्या ओढीचे घरी नावही काढता येत नाही ती त्या रात्रीपुरती सोंगाच्या आडून भागत असेल. दुसऱ्या दिवशी मात्र तोच रसिक त्याच नटाला भर बाजारात ‘बायल्या’ म्हणावयास कचरत नाही.

आपणां सुशिक्षितांचा व्यवहार याहून फारसा निराळा नाही. बिदागी तेवढी मोठी. १९११ साली ‘मानापमाना’तली भामिनी रंगविणाऱ्या बालगंधर्वांच्या नेसण्याची नक्कल कुलीन स्त्रिया करीत. त्यांच्या शेजारी बसलेल्या पतिराजांच्या मनात काय चालले असेल, हे लिहून ठेवण्याचे धैर्य त्या रसिकांपैकी फारच थोड्यांना झाले असावे.

कोल्हापूरचे गणपत पाटील हे संसारी गृहस्थ. तमाशापटांतला नाच्या त्यांनी असा रंगविला की लोकांनी सोंगच खरे मानले. आपल्या आत्मचरित्राला ‘रंग नाच्याचा’ असे नाव देणाऱ्या या नटाला २००८ साली मृत्यू येईपर्यंत त्या रंगाने सोडले नाही. आनंद यादवांच्या ‘नटरंग’ कादंबरीतला पहिलवान गडी नाच्या होतो आणि त्याचे जे हाल होतात, तेही याच जातीचे. त्या कथेवरचा चित्रपट २०१० साली गर्दीने पाहिला गेला. ती गर्दी कोणाच्या बाजूची होती, हे मला आजही उमगलेले नाही.

वाचकांनी भुवया उंचावू नयेत, पण हाच व्यवहार परदेशांत आज उघड व्यापार होऊन बसला आहे. समलिंगी पुरुषांसाठी निघणाऱ्या प्रौढांच्या चित्रपटांत शिपाई, मालक, गडी, पहिलवान अशी सोंगे ठरलेलीच असतात. आणि त्यांतले काही नट खासगी आयुष्यात स्त्रियांवरच प्रेम करणारे असून केवळ मोबदल्यासाठी पुरुषाचे प्रियकर होतात! म्हणजे गणपतरावांचीच कथा. पाहणारा घरच्या अंधारात सुरक्षित राहतो. चेहरा उघडा पडतो तो नटाचा, आणि पुढे दुसरी नोकरी मागावयास जाताना तोच चेहरा घेऊन त्याला जावे लागते. शेक्सपिअरच्या काळी व्हायोलाचे सोंग मुलगाच घेई, आणि नाटकात ती व्हायोला पुन्हा पुरुषवेष घेई, हे सांगितले की माझा वर्ग खळखळून हसतो. मी त्या हसण्याला कधी अडवीत नाही. त्यात एखादा मुलगा हसत नसतो, त्याच्याकडे मुद्दाम पाहण्याचेही टाळतो.

६ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने प्रौढांमधील संमतीचा समलिंगी संबंध गुन्हा नव्हे असे ठरविले. त्यापूर्वीपासूनच नागपुरात अभिमान-यात्रा निघू लागली होती. तीत कोणी लुगडे नेसून, कोणी भरजरी शेला घेऊन नाचतो. रस्त्याकडेची मंडळी हौसेने छायाचित्रे काढून घेतात. नाव विचारताना मात्र मी अद्याप कोणास पाहिले नाही.