कवडी

कवडी म्हणजे समुद्रातल्या एका लहान गोगलगायीचे घर. लांबी जेमतेम दोन-तीन सेंटिमीटर. हिंदी आणि प्रशांत महासागरांच्या उथळ, उबदार पाण्यात प्रवाळाच्या दगडांखाली ती दिवसभर दडून असते आणि अंधार पडला की शेवाळ खरवडत फिरते. निसर्गशास्त्रज्ञ लिनियसने १७५८ साली तिला नाव दिले ते पैशावरूनच. आज शास्त्रात ती मोनेटारिया मोनेटा.

तळहातावर घेतली तर ती शंखाच्या जातीची वाटतच नाही. पाठ फुगीर, पिवळसर, कडेला टेंगळे आलेली. पोट सपाट आणि त्यावर दातेरी कडांची अरुंद फट. वेटोळे कुठेच दिसत नाही, कारण ते आत बुजलेले असते. पिल्लू असताना कवच पातळ, रुंद तोंडाचे असते आणि टोकाचे वेटोळे स्पष्ट दिसते. वयात येताना बाहेरची कड आत वळते, फटीला दात फुटतात आणि लांबी वाढायची थांबते. पुढे कवच फक्त जाड होत जाते.

तिची झिलई हे खरे नवल. इतर बहुतेक गोगलगायींची कवचे उघडी असतात, वाळूने घासली जातात, त्यांच्यावर शेवाळ धरते. कवडीचा जीव मात्र अंगाची मऊ घडी दोन्ही बाजूंनी वर आणून आपले घरच पांघरून बसतो आणि त्यावर बाहेरूनही चुन्याचे थर चढवत राहतो. धोका जाणवला की घडी आत जाते आणि खालचे लखलखीत कवच उघडे पडते. ही चमक कुणा कारागिराने घोटून आणलेली नाही. चिनी मातीच्या भांड्यांना युरोपात पोर्सेलीन म्हणतात, तो शब्दही मुळात इटालियनमध्ये कवडीचा. संस्कृतात ती कपर्दिका. जटांची कवडीसारखी वेटोळी मिरवणारा शंकर म्हणून कपर्दी.

टिकाऊ, एकसारखी, मोजायला सोपी आणि खोटी बनवायला अवघड अशी ही वस्तू नाणे झाली यात आश्चर्य नाही. मालदीवच्या खाजणांतून कवड्या गोळा करत, आतला जीव कुजून जाईपर्यंत खड्ड्यात पुरत आणि मग बंगालला पाठवत; बदल्यात तांदूळ येई. चौदाव्या शतकात मालदीवमध्ये काझी असलेल्या प्रवासी इब्न बतूताने हा व्यवहार लिहून ठेवला आहे. त्याआधी, बाराव्या शतकात, भास्कराचार्यांचा गणितग्रंथ लीलावती सुरू होतो तोच कवड्यांच्या कोष्टकाने: वीस वराटकांची म्हणजे कवड्यांची काकिणी, चार काकिणींचा पण, सोळा पणांचा द्रम्म. म्हणजे एका द्रम्मात १,२८० कवड्या. अठराव्या शतकाच्या अखेरीस बंगालमधल्या सिल्हटचा शेतसारा कवड्यांत भरला जाई. तेव्हा रुपयाला ५,१२० कवड्या पडत. ढिगांनी येणारा हा महसूल साठवायला कोठारे लागत आणि वाहून न्यायला होड्या.

याच कवड्या युरोपीय जहाजांनी पश्चिम आफ्रिकेत नेल्या आणि त्यांच्या मोबदल्यात माणसे विकत घेतली. कवडीच्या इतिहासातले हे सर्वांत काळे पान. एकोणिसाव्या शतकात झांझिबारकडची, पाठीवर पिवळे कडे असलेली दुसरी कवडी तिथे इतकी ओतली गेली की कवडीचा भावच कोसळला.

मराठीने कवडी हिशेबाच्या तळाशी ठेवली. कवडीमोल, कवडीचुंबक, जवळ फुटकी कवडी नसणे, सगळे शब्द हलक्या भावाचे. अपवाद फक्त दह्याचा: घट्ट, तुकतुकीत लागलेले दही कवडीदार, आणि ती शाबासकी असते. सारीपाटावर उताण्या-पालथ्या पडून दान ठरवते तीही हीच, आणि बंजारा बायकांच्या कशिद्याच्या कडेला शिवलेली असते तीही. पण तिचा खरा मान भवानीच्या दारात. तिथे देवीचे आराधी भक्त कवड्यांची माळ गळ्यात घालून, हातात परडी धरून जोगवा मागतात. माळ ओवायची तर दोरा जावा म्हणून कवडीची ती गुळगुळीत पाठ फोडून भोक पाडावे लागते.