काळी मांजर, पांढरा बोका आणि आमची हळद

या शनिवारी कुस्तुरिकाचा 'ब्लॅक कॅट, व्हाइट कॅट' (१९९८) परत बघितला. कितव्यांदा ते विचारू नका! मूळ सर्बियन नाव 'काळी मांजर, पांढरा बोका'. इंग्रजीत बोक्याचीही मांजर होते, मराठीत बोका बोकाच राहतो.

डॅन्यूबकाठचे रोमा लोक. मात्को धंद्यात बुडतो आणि दादान नावाच्या गुंडाच्या बुटक्या बहिणीशी पोराचं, झारेचं, लग्न लावायला कबूल होतो. पोराला ती नको, तिला तो नको. ऐन लग्नाच्या दिवशी झारेचे आजोबा जातात. लग्न थांबणार नाही, दादानचा हुकूम. म्हाताऱ्याला माळ्यावर बर्फात ठेवतात, खाली बॅण्ड चालूच. मध्येच एक डुक्कर निवांत मोटार खाताना दिसतं.

मित्र म्हणतात, काहीही दाखवतात राव. मला नाही तसं वाटत. मी भिवंडी तालुक्यातला आगरी. आमच्याकडे लग्नापेक्षा हळद मोठी. आधी धवलारणीची गाणी, मग रात्रभर बेंजो.

मी सात वर्षांचा असेन. आत्याची हळद झाली आणि पहाटे आजोबांचे थोरले भाऊ गेले. सुतक पाळायचं तर लग्न अडणार, वऱ्हाड तर निघालेलं. चार मोठ्या माणसांनी ठरवलं, अक्षता पडेपर्यंत ब्र काढायचा नाही. मला दाराशी बसवलं. "थोरला आजा झोपलाय, कोणाला आत सोडू नको." मी इमानदारीत राखण केली. लाडूसुद्धा तिथेच बसून खाल्ला.

आत्याला संध्याकाळी निघताना सांगितलं. ती का रडतेय हे कुणी विचारलं नाही. नवरी रडतेच.

बाहेरच्यांना आमच्या हळदीत नुसता धिंगाणा दिसतो. कुस्तुरिका स्वतः रोमा नाही, त्यामुळे त्यानेही रोमांचा नुसता तमाशाच केला, असं कुणी म्हणालं तर मी भांडणार नाही. पण धिंगाण्याच्या आड काय झाकलेलं असतं, ते त्याला दिसलंय. रोमांचे पूर्वज हजारेक वर्षांपूर्वी इकडूनच गेले. त्यांच्या भाषेत नाकाला अजून 'नाख' म्हणतात आणि कानाला 'कान'च.

शेवटी सिनेमातले आजोबा बर्फातून उठून बसतात. दरवेळी मी त्याच जागेसाठी थांबतो. त्या दिवशी मीही दोन-तीनदा दार ढकलून आत बघितलं होतं.