शारदेला कोणी विचारले?

‘हेबिअस कॉर्पस’साठी मराठीत ‘बंदी प्रत्यक्षीकरण’ असा भारदस्त प्रतिशब्द रूढ आहे. मूळ लॅटिन शब्दांत मात्र केवळ देहाचा उल्लेख येतो. ज्याला अडकवून ठेवले त्याचा देह न्यायालयापुढे आणा, एवढेच. स्वतःच्या पसंतीने लग्न केलेल्या सज्ञान मुलीला माहेरच्यांनी कोंडले, की तिचा नवरा ही याचिका करतो; आणि मुलगी घर सोडून गेली, की ‘तिला डांबून ठेवले आहे’ असे म्हणत तिचे वडीलही हीच याचिका करतात. देह हजर झाल्यावर पुढचे सारे अवलंबून असते ते प्रश्न तिला विचारला जातो की तिच्याविषयी इतरांना, यावर.

रोह्यात पदवीच्या वर्गाला ‘संगीत शारदा’ शिकवताना हा विचार मनात येतोच. देवलांचे हे नाटक १८९९ सालचे. वृद्ध भुजंगनाथाशी ठरलेले शारदेचे लग्न मोडते ते वधूवर सगोत्र निघाल्यामुळे. तिला ते नको आहे हे प्रेक्षकाला केव्हाच ठाऊक असते. पण मांडवात त्या ‘नको’ला मोल नाही, गोत्राला आहे. ‘गोत्रे वेगळी असती तर?’ असे एका विद्यार्थिनीने विचारले, तेव्हा वर्गात कोणी काही बोलले नाही. देवलांच्या सुधारकी भूमिकेविषयी मला आदर आहे, परंतु हा प्रश्न नाटकाच्या वर्मावर बोट ठेवतो असे मला वाटते.

नाटकाच्या पंधरा वर्षे आधी, १८८४ साली, हाच प्रश्न मुंबईच्या उच्च न्यायालयात उभा राहिला होता. अकराव्या वर्षी लग्न झालेल्या रखमाबाईंनी मोठेपणी नांदायला जाण्याचे नाकारले आणि पती दादाजी भिकाजी यांनी दावा लावला. न्या. पिन्ही यांनी १८८५ मध्ये तो फेटाळला. अपिलात तो निकाल फिरला. मार्च १८८७ मध्ये हुकूम झाला: नवऱ्याकडे जा, नाही तर सहा महिने तुरुंगात. रखमाबाईंनी तुरुंगाची तयारी दाखवली. पुढे १८८८ मध्ये तडजोड झाली आणि त्या इंग्लंडला जाऊन डॉक्टर झाल्या. असो.

स्वतंत्र भारतात हे सारे मागे पडले असेल असे वाटते, तोच केरळचे हादिया प्रकरण आठवते. तिथे याचिका वडिलांची होती आणि मुलगी चोवीस वर्षांची. मे २०१७ मध्ये केरळ उच्च न्यायालयाने तिचा विवाहच रद्द ठरवला आणि तिला वडिलांच्या स्वाधीन केले. विवाहासारखा निर्णय आईवडिलांच्या सहभागानेच व्हावा, अशी त्यामागची धारणा. बंदिवानाला सोडवण्याचा हुकूम बंदी घालण्यासाठी वापरला गेला! सर्वोच्च न्यायालयाने २७ नोव्हेंबर २०१७ रोजी तिला समोर बोलावून तिचे म्हणणे ऐकले, तिने स्वातंत्र्य मागितले आणि मार्च २०१८ मध्ये तिचा विवाह पुन्हा वैध ठरला. त्या एका संवादासाठी सहा महिने लागले.

आपल्याकडेही डिसेंबर २०२२ मध्ये शासनाने आंतरजातीय व आंतरधर्मीय विवाहांसाठी ‘विवाह-परिवार समन्वय समिती’ नेमली. दोनच दिवसांत त्यातून ‘आंतरजातीय’ शब्द गळला, ‘आंतरधर्मीय’ राहिला. परिवाराशी समन्वय साधण्याची काळजी सरकारला का, हे मला उमगलेले नाही.

रोह्यापुरते बोलायचे तर चिंतामणराव देशमुखांचे बालपण इथले. १९५३ च्या जानेवारीत, अर्थमंत्री असताना, त्यांनी दुर्गाबाईंशी नोंदणी पद्धतीने विवाह केला. साक्षीदारांत पंडित नेहरू होते. दुर्गाबाईंचे लग्न बालपणीच लावून दिले गेले होते आणि ते त्यांनी पंधराव्या वर्षाच्या सुमारास नाकारले होते. ज्या घटनासमितीने या याचिकांचा अधिकार नागरिकांच्या हाती दिला, तिच्या त्या सदस्य होत्या. त्यानंतर वर्षभराने १९५४ चा विशेष विवाह कायदा आला. त्यात तीस दिवसांची जाहीर नोटीस आहे: दोघांची नावे, पत्ते, कार्यालयाच्या फलकावर. रोह्यासारख्या गावी ती वार्ता घरी पोचायला एक दिवसही पुरतो.