देनवाचे थर आणि गोंडवन नावाचा शब्द

गोंडवन हा शब्द मराठी वाचकाला दोन वाटांनी भेटतो. इतिहासात तो गढा-मंडला, देवगड, खेरला, चांदा येथील गोंड राज्यांचा मुलूख म्हणून येतो. भूगोलात तो एका लुप्त महाखंडाचे नाव होऊन येतो. या दुसऱ्या अर्थाची जन्मकथा सांगण्यासारखी आहे. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणातील एच. बी. मेडलिकॉट यांनी १८७२ मध्ये एका अप्रकाशित अहवालात मध्य भारतातील काही प्राचीन थरांना हे नाव दिले. ओटोकार फाइस्टमांटेल यांनी १८७६ मध्ये ते प्रथम छापले. पुढे १८८५ मध्ये ऑस्ट्रियाचे एडुआर्ट झ्यूस यांनी, भारत आणि आफ्रिका एकेकाळी एकाच भूमीचे भाग होते असे मांडताना, त्या भूमीला 'गोंडवानालँड' म्हटले. 'वन' या शब्दातच भूप्रदेशाचा अर्थ आलेला असल्याने शेवटचे 'लँड' ही द्विरुक्ती आहे, असा आक्षेप पुढे घेतला गेला. पिवळा पीतांबर नेसणाऱ्या मराठीच्या लोकांना ही द्विरुक्ती फारशी खटकू नये. खटकते ते वेगळेच. 'गोंड' हे नावही इतरांनी दिलेले. ती माणसे स्वतःला कोइतूर म्हणतात. म्हणजे एका जमातीला शेजाऱ्यांनी दिलेले नाव एका इंग्रज अधिकाऱ्याने दगडांना दिले आणि एका ऑस्ट्रियन पंडिताने ते अर्ध्या पृथ्वीवर पसरवले. या प्रवासात त्या शब्दाचे काय झाले, हा आमच्या कुतूहलाचा विषय आहे.

आम्ही साहित्याचे अध्यापक. दगडांविषयी बोलण्याचा आमचा अधिकार किती, हे आम्हांला ठाऊक आहे. परंतु लोकसाहित्याचा पेपर शिकवताना आम्ही सर्वजण वर्षानुवर्षे दगडांच्याच भाषेत बोलत आलो आहोत. लोकगीत म्हणजे प्राचीनाचा अवशेष, म्हण म्हणजे गोठलेला अनुभव, विधी म्हणजे जुन्या श्रद्धेचा जीवाश्म: ही विधाने आमच्या टिपणवह्यांत आहेत आणि परीक्षेच्या उत्तरपत्रिकांतून ती तशीच परत येतात. या परिभाषेचे मूळ एडवर्ड टायलर यांच्या १८७१ च्या ग्रंथातील 'अवशेष' या संकल्पनेपर्यंत नेता येते. मूळ कोठेही असो, जीवाश्म म्हणजे काय हे नीट समजून न घेता ही उपमा वापरण्यात अर्थ नाही, असे आम्हांला वाटू लागले ते सातपुड्यातील देनवाच्या थरांची ओळख झाल्यानंतर.

विदर्भातल्या माणसाला हा प्रदेश परका नाही. महाशिवरात्रीला चौरागडावर त्रिशूळ वाहायला आणि नागपंचमीच्या सुमारास नागद्वारीला जाणाऱ्या आपल्याकडच्या मंडळींना पचमढी हे 'महादेव' म्हणूनच माहीत असते. 'यंदा महादेवाला जायचे आहे' एवढे म्हटले की पुरते. नागपूरहून छिंदवाडा, तामिया करीत मटकुलीला आले की देनवा नदी लागते आणि तेथून पुढे घाट सुरू होतो. कर्कवृत्ताच्या किंचित दक्षिणेला असलेल्या या डोंगररांगेत गोंडवन कालखंडाचे थर सुमारे ५ किलोमीटर जाडीचे आहेत. तळाशी हिमनद्यांनी आणलेला गाळ, त्यावर कोळशाचे थर, त्यावर पचमढीचा वालुकाश्म, त्यावर देनवा, त्यावर बागरा अशी ही चळत आहे. नावे पाहावीत: काही येथील गावांची, काही नद्यांची, काही दूरच्या तालचेर-बराकरची. या चळतीत यात्रेकरूंच्या आणि पर्यटकांच्या वाट्याला येतो तो पचमढीचा वालुकाश्म. कडे, कपारी, भुयारे, धबधबे, शैलाश्रयांतली चित्रे, सारे वैभव त्याचे. धूपगड हे सातपुड्याचे सर्वोच्च शिखर, सुमारे १३५० मीटर उंचीचे, तेही त्याचेच. पण हा देखणा खडक जीवाश्मांच्या बाबतीत जवळजवळ मुका आहे. बोलतो तो त्याच्या उत्तर पायथ्याचा, शेतांतून आणि ओढ्यांच्या काठांतून उघडा पडणारा तांबडा पंकाश्म. त्याला पाहायला कोणी थांबत नाही. आम्ही मटकुलीच्या अलीकडे गाडी थांबवून रस्त्याच्या कडेची तांबडी दरड पाहत उभे राहिलो, तेव्हा चालकाने गाडीत काही बिघाड झाला का, असे विचारले होते.

देनवा शैलसमूह मध्य ट्रायासिक काळातला, म्हणजे सुमारे २४ कोटी वर्षांपूर्वीचा. तेव्हा हा भूभाग दक्षिण गोलार्धात होता आणि सातपुडा नव्हता. वळणे घेत जाणाऱ्या नद्या होत्या, त्यांच्या दोन्ही तीरांना पुराचा गाळ साचत असे. पात्रातली वाळू वालुकाश्म झाली, पूरमैदानातला चिखल तांबडा पंकाश्म झाला. त्या चिखलात जागोजाग चुनखडीच्या गाठी सापडतात. ओला ऋतू आणि कोरडा ऋतू आलटून पालटून येत असल्याची ती खूण मानली जाते. या पाण्यात फुप्फुसमासे होते आणि मगरीसारख्या चपट्या कवटीचे मोठे उभयचर होते. त्यांपैकी दोन जातींचे वर्णन १९९८ मध्ये प्रसिद्ध झाले. एकीला नदीवरून 'देनवाई' आणि दुसरीला, १९३० च्या दशकात सातपुड्याच्या उत्तर उताराचे सर्वेक्षण करणाऱ्या क्रुकशँक यांच्यावरून, 'क्रुकशँकी' अशी नावे मिळाली. ही वर्णने कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेतील अभ्यासकांची. संख्याशास्त्राच्या संस्थेत प्रागैतिहासिक हाडे जपली जावीत हा योग आम्हांला फार आवडतो. आपल्याकडे मराठीच्या विभागात भाषाविज्ञानाला जागा मिळवताना केवढे सायास पडतात!

याच अभ्यासपरंपरेतून २०१७ मध्ये सारदी सेनगुप्ता, मार्तिन एझकुर्रा आणि शाश्वती बंद्योपाध्याय यांनी 'शृंगसॉरस इंडिकस' हा प्राणी जगासमोर आणला. तीन ते चार मीटर लांबीचा, चतुष्पाद, शाकाहारी सरीसृप. डोळ्यांच्या वर पुढे झुकलेली शिंगांची जोडी. डायनोसॉर नव्हे, त्यांच्या दूरच्या आप्तांपैकी एक. पण आमचे लक्ष वेधले ते दुसऱ्याच गोष्टीने. तेथे एकाच ठिकाणी लहानमोठ्या वयाच्या किमान सात प्राण्यांची हाडे मिळाली. बहुतेक सुटी, विखुरलेली. एक सांगाडा मात्र काही अंशी जुळलेला. आणि त्यांतल्या एका प्राण्याला शिंगे नाहीत. हा बिनशिंगी प्राणी जर एकटाच, दुसऱ्या एखाद्या नाल्यात सापडला असता, तर त्याला कदाचित वेगळी जात म्हणून वेगळे नाव मिळाले असते. सातांच्या सहवासात सापडल्यामुळे तो वेगळ्या जातीचा ठरला नाही. शिंगे असणे आणि नसणे हा नर-मादीतला भेद असावा, असे अनुमान अभ्यासकांना करता आले. वयानुसार शिंगांत होणारे बदलही त्यामुळे वाचता आले.

संहिताचिकित्सा शिकवणाऱ्याला हे वाचताना पाठभेदांची आठवण होणार नाही, असे होत नाही. एक पोथी हाती असली की ती संहिता. सात हाती आल्या की भेद दिसतात, आणि त्या भेदांतूनच मूळ रचनेचे जीवन कळू लागते. हाडे शोधणारा केवळ हाड उचलत नाही. ते कोणत्या थरात होते, कोणत्या बाजूला कलले होते, शेजारी काय होते, वाहत आले की जागीच पडले, आणि काय सापडले नाही, हे सारे तो लिहून ठेवतो. किंबहुना मृत्यूपासून सापडण्यापर्यंत त्या हाडाचे काय काय झाले, याची चौकशी करणारी एक स्वतंत्र शाखाच जीवाश्मविज्ञानात आहे. आता आपले जुने लोकगीतसंग्रह उघडून पाहावेत. ओवी आहे, अर्थ आहे, संपादकाचे रसग्रहण आहे. गाणारी कोण, गाव कोणते, तिने हे कोणाकडून घेतले, कोणत्या कामाच्या वेळी म्हटले, कडवे मध्येच तुटले होते की संपादकाने जोडले, यांचा पत्ता पुष्कळदा नाही. सन्माननीय अपवाद आहेत, पण ते अपवादच. आम्ही ज्यांना जीवाश्म म्हणतो त्यांच्या बाबतीत आम्ही जीवाश्मशास्त्रज्ञाइतकीही शिस्त पाळलेली नाही.

येथे स्टीफन हिस्लॉप यांची आठवण अपरिहार्य आहे. १८४५ मध्ये नागपुरात आलेले हे स्कॉटिश मिशनरी. नागपूरकरांना ते त्यांच्या नावाच्या महाविद्यालयामुळे माहीत असतात. रॉबर्ट हंटर या सहकाऱ्याबरोबर त्यांनी नागपूर परिसराच्या भूरचनेवर लिहिले, गोड्या पाण्यातील शिंपल्यांचे जीवाश्म वर्णिले. नागपूरच्या दक्षिणेकडील मांगली येथील गोंडवन थरांतून मिळालेल्या एका उभयचराच्या कवटीचे वर्णन रिचर्ड ओवेन यांनी १८५५ मध्ये केले, तीही याच काळातली. आणि हेच हिस्लॉप एका परधान गायकाकडून लिंगोचे गीत गोंडीतून लिहून घेत होते. १८६३ च्या सप्टेंबरात टाकळघाटजवळची शिळावर्तुळे पाहून परतताना पुराच्या ओढ्यात ते बुडाले. त्यांचे कागद रिचर्ड टेंपल यांनी १८६६ मध्ये संपादित करून छापले, आणि लिंगोगीताचा तो पाठ पुढच्या अभ्यासकांसाठी जणू एकमेव झाला.

त्या गीतात महादेव गोंडांना गुहेत कोंडतो, तोंडाशी शिळा लावतो आणि लिंगो त्यांना मुक्त करतो. गोंदिया जिल्ह्यातील सालेकसा तालुक्यात कचारगडच्या गुहांशी दरवर्षी माघ पौर्णिमेला जमणारे कोइतूर भाविक हीच कथा सांगतात. मात्र तेथे कोंडलेली ती काली कंकालीची लेकरे असतात, जंगो रायतार असते, किंगरी वाजवणारा हिरासुका पाटालीर असतो. कोणता पाठ मूळ, असा प्रश्न आमच्या विद्यार्थ्यांना पहिल्यांदा पडतो. छापलेला तो मूळ, असे उत्तर त्यांनी आधीच गृहीत धरलेले असते. शिंगवाला तेवढा खरा आणि बिनशिंगी दुसराच कोणी, असे म्हणण्यासारखे हे आहे. आणि ज्या महादेवाला आपली मंडळी त्रिशूळ घेऊन जातात, तोच या कथेत शिळा लावणारा आहे, हेही वर्गात सांगावे लागते. सांगितल्यावर क्षणभर शांतता पसरते. आमच्या मते ती शांतता अभ्यासक्रमातल्या पुष्कळ टिपणांपेक्षा मोलाची आहे.

आता जीवाश्माच्या उपमेकडे. प्राणी मरतो, लवकर गाडला जातो, मांस कुजते, हाडातल्या पोकळ्यांत खनिजे भरतात, मूळ द्रव्याचे रूप हळूहळू पालटते. आकार मात्र टिकतो. आकार तोच, द्रव्य दुसरे. ही व्याख्या दरवर्षी कचारगडला पुन्हा सांगितल्या जाणाऱ्या कथेला लागू पडत नाही. तेथे उलटे घडते: आकार बदलतो, नवी नावे येतात, एखादे पात्र पुढे सरकते, आणि द्रव्य जिवंत राहते. व्याख्या तंतोतंत लागू पडते ती 'गोंडवाना' या शास्त्रीय संज्ञेला. अक्षरे तीच, आत माणसे नाहीत, राज्ये नाहीत, भाषा नाही. त्यांच्या जागी खडक, हिमनद्या आणि खंडांचे सरकणे भरलेले आहे. १९१२ मध्ये दक्षिण ध्रुवावरून परतताना मृत्यू पावलेल्या कॅप्टन स्कॉट यांच्या तुकडीने सुमारे १६ किलो दगड शेवटपर्यंत ओढत नेले. त्यांत ग्लॉसॉप्टेरिस या वनस्पतीच्या पानांचे ठसे होते. तीच पाने सातपुड्याच्या कोळशाच्या थरांत मिळतात. ग्रीकमध्ये 'ग्लॉसा' म्हणजे जीभ. पानाचा आकार जिभेसारखा म्हणून हे नाव. अंटार्क्टिकाच्या बर्फातही आज गोंडवानाचा उल्लेख होतो, त्याला आधार या दगडी जिभेचा.

यावर आमच्यातल्याच एकाचा आक्षेप आहे आणि तो आम्ही येथे नोंदवतो. जिवंत परंपरेचे गोडवे गाणे सोपे आहे. परंपरा मरतातही, आणि मेल्या की त्यांचा जीवाश्मही उरत नाही, कारण आवाज गाळात रुतत नाही. तेव्हा हिस्लॉप यांनी एक पाठ गोठवला म्हणून कुरकुरण्याऐवजी, गोठवला म्हणून कृतज्ञ असावे. हा युक्तिवाद आम्हांला खोडता आलेला नाही. २०११ च्या जनगणनेत सुमारे ३० लाख लोकांनी गोंडी ही मातृभाषा सांगितली. राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत ती आजही नाही. मध्य प्रदेश, महाराष्ट्र, छत्तीसगड, तेलंगण अशा राज्यांत विभागली गेल्याने तिच्या मुलांना शाळेत कुठे हिंदी, कुठे मराठी, कुठे तेलुगू भेटते. आमच्या वर्गात कोइतूर मुलामुलींची संख्या लहान नाही. घरी कोणती भाषा, असे विचारले की त्यांतले बहुतेक आधी 'मराठी' म्हणतात. आजी-आजोबांविषयी विचारले की मग दुसरे उत्तर येते, आणि तेही हळू आवाजात.

गेल्या वर्षी एम. ए. च्या एका विद्यार्थिनीने प्रकल्पासाठी आपल्या आजीकडून लिंगोची कथा गोंडीत ध्वनिमुद्रित केली आणि देवनागरीत उतरवली. प्रकल्पाच्या ठराविक नमुन्यात संकलकाच्या नावाला रकाना होता, मार्गदर्शकाच्या नावाला होता. सांगणाऱ्याच्या नावाला नव्हता. तिने रेघ मारून तो केला. त्यात आजीचे नाव, गाव, तारीख, वेळ संध्याकाळची, जवळ बसलेल्या दोन शेजारणींची नावे, आणि ही कथा आजीने कोणाकडून ऐकली ते लिहिले आहे. नवव्या पानावर कंसात नोंद आहे: येथे आजी थांबली, पुढचे आठवत नाही म्हणाली, शेजारणीने वेगळे सांगितले, आजीला ते पटले नाही. त्याखाली तिने दोन्ही लिहून ठेवले आहे.