पाणी काढलंत का, गुरुजी?

बालमित्रांनो, शाळेत प्रश्न कोण विचारतं? गुरुजी. उत्तर चुकलं तर वहीत लाल शाईने शेरा कोण मारतं? तेही गुरुजीच. पण एकदा चौथीतल्या एका मुलाने मलाच परीक्षेला बसवलं आणि एकदा नाही, चांगलं तीन वेळा नापास केलं! विषय होता बोंबलाची कुरकुरीत भजी. त्या परीक्षेची गोष्ट आज तुम्हाला सांगतो. तिच्यात थोडा स्वयंपाक आहे, थोडं विज्ञान आहे आणि माझी एक चूकही आहे.

मी मूळचा सातारा जिल्ह्यातल्या माण तालुक्यातला. आमच्याकडे पाऊस कमी आणि समुद्र तर फक्त भूगोलाच्या पुस्तकात. मासा म्हणजे आठवड्याच्या बाजारात मिळणारी सुकट नाहीतर सुके बोंबील. आई ते तव्यावर खरपूस भाजायची, लसूण-मिरची घालून कोरड्यास करायची आणि आम्ही भावंडं भाकरीबरोबर मिटक्या मारत खायचो. बोंबील जन्मतःच काडीसारखा वाळलेला असतो, असंच मला लहानपणी वाटायचं!

डी.एड. झालो आणि २०१० साली नोकरी लागली ती थेट समुद्राकाठच्या एका कोळीवाड्यात. तो भाग तेव्हा ठाणे जिल्ह्यात होता. १ ऑगस्ट २०१४ रोजी वेगळा पालघर जिल्हा झाला. तिथे मी पहिल्यांदा ओला बोंबील पाहिला. पांढरट, लुसलुशीत, हातातून सुळकन् निसटणारा! कोळी लोक तो डोल जाळ्यात पकडतात. हे जाळं मोठ्या पिशवीसारखं असतं. भरती-ओहोटीच्या प्रवाहात ते रोवून ठेवतात आणि पाण्याच्या ओढीबरोबर मासे आपोआप आत जातात. ओला बोंबील फार वेळ टिकत नाही. म्हणून दोन बोंबलांचे जबडे एकमेकांत अडकवून बांबूच्या चौकटींवर उन्हात वाळत घालतात. आमच्या माणच्या बाजारात येत होते ते हेच!

आता ती चूक सांगतो. २०१२ सालचा ऑगस्ट महिना होता. नारळी पौर्णिमा होऊन होड्या पुन्हा समुद्रात जायला लागल्या होत्या, पण पाऊस थांबला नव्हता. वर्गाच्या खिडक्या बंद. माझ्या वर्गात एक अबोल मुलगा होता. वाचायला अडखळायचा, मध्येच खिडकीबाहेर बघत बसायचा. त्याच्या वहीत मी किती वेळा ‘लक्ष नाही’ असा शेरा मारला होता, त्याची गणती नाही. त्या दिवशी त्याच्या दप्तराला सुक्या मासळीचा वास येत होता. आजीला बाजारासाठी बोंबलांच्या जुड्या बांधायला मदत करून तो तसाच शाळेत आला होता. मी वैतागून म्हणालो, “काय रे, दप्तरात मासळीबाजार भरवलास का?”

सगळा वर्ग हसला. मीसुद्धा हसलो.

दुसऱ्या दिवशी तो आला नाही. तिसऱ्या दिवशीही नाही. चौथ्या दिवशी आला, तेव्हा त्याच्या दप्तरातून पाणी ठिबकत होतं. साबणाने घासून धुतलेलं, पण पावसात न वाळलेलं दप्तर! त्याने ते वर्गात आणलंच नाही. व्हरांड्यात खुंटीला टांगलं आणि नुसती वही घेऊन मुकाट जागेवर बसला. वहीचे कोपरे ओलसर झाले होते. मला काहीतरी बोलायला हवं होतं, पण मी फळ्याकडे वळलो आणि गणित लिहायला लागलो.

त्या रात्री मला झोप लागेना. ज्या वासावर मी वर्गाला हसवलं, तो वास माझ्याच घरचा होता. माझी आई जे तव्यावर भाजायची, तेच त्या पोराच्या आजीच्या टोपलीत होतं.

रविवारी त्याच्या घरी गेलो. आजी ओट्यावर जाळं विणत बसली होती. “या गुरुजी, बसा. पोरानं काय केलंन?” तिने घाबरून विचारलं. माफी मागायला आलोय, हे शब्द काही ओठांवर येईनात. भलतंच बोलून गेलो, “काही नाही आजी, बोंबलाची भजी शिकायची होती.”

आजी खळखळून हसली. “त्यात काय शिकायचं? पीठ लावायचं नि तळायचं!” तिने चार ताजे बोंबील साफ करून दिले आणि नातवाला म्हणाली, “जा रे गुरुजींसंगती. बघ नीट करतात का.”

तो आला. माझ्या खोलीच्या उंबऱ्यावर बसला आणि एक शब्दही न बोलता बघत राहिला. मी बेसन कालवलं, बोंबलाचे तुकडे बुडवले आणि तेलात सोडले. तडतड, फटफट! तेल अंगावर उडायला लागलं. पीठ एकीकडे, मासा दुसरीकडे. कढईत भज्यांऐवजी लगदा झाला.

“पाणी नाही काढलंत,” तो म्हणाला.

“मग आधी का नाही सांगितलंस?”

“तुम्ही विचारलं नाही.”

मित्रांनो, तो अगदी बरोबर होता. बोंबील म्हणजे पाण्याची पिशवीच! १०० ग्रॅम ताज्या बोंबलात ८५ ग्रॅमपेक्षा जास्त पाणीच असतं. भजी तळताना तेल साधारण १७५ ते १८० अंश सेल्सिअसपर्यंत तापलेलं असतं आणि पाणी १०० अंशालाच उकळतं. त्यामुळे गरम तेलात पाणी गेलं की त्याची क्षणात वाफ होते. वाफेला पाण्यापेक्षा कितीतरी जास्त जागा लागते. ती पीठ फोडून बाहेर येते आणि तेल उडवते.

पुढच्या रविवारी परीक्षक पुन्हा हजर! या वेळी मी आधी विचारलं. त्याने सांगितलं तसं बोंबील मधून चिरून उघडले, मीठ-हळद लावली आणि दोन ताटांच्या मध्ये ठेवले. आजीकडे वर ठेवायला पाटा होता. माझ्याकडे नव्हता, म्हणून पाण्याने भरलेली कळशी ठेवली. अर्ध्या तासाने बघतो तर खालच्या ताटात पाणीच पाणी! वजनाने पाणी दाबलं जातं आणि मीठ ते आतून ओढून घेतं. बोंबील चांगले चपटे झाले होते. मी खुशीत सगळे तुकडे एकदम कढईत टाकले. भजी झाली, पण तेलकट आणि लिबलिबीत.

“तेल तापलं नव्हतं. आणि सगळी एकदम टाकलीत,” परीक्षकांनी निकाल दिला. तेल पुरेसं गरम नसलं तर पिठाचा पापुद्रा लवकर धरत नाही आणि तोवर पीठ तेल पिऊन घेतं. खूप भजी एकदम सोडली तरी तापलेलं तेल थंड होतं.

तिसऱ्या रविवारी मात्र मी कमालच केली. पाणी काढलं, तेल तापवलं, पाच-पाच भजी तळली. काय सुरेख झाली म्हणून सांगू! मोडताना कुर्र आवाज यायचा. आजीला दाखवायची म्हणून गरमागरम भजी स्टीलच्या डब्यात भरली, घट्ट झाकण लावलं आणि आम्ही दोघं त्याच्या घरी निघालो. दहा मिनिटांची वाट. आजीसमोर ऐटीत डबा उघडला. झाकणाच्या आतून थेंब गळत होते आणि भजी मऊ पडली होती!

वाफ, दुसरं काय! गरम भज्यांची वाफ डब्यात कोंडली, झाकणाला लागून तिचं पाणी झालं आणि ते पुन्हा भज्यांवरच पडलं. तो डब्यात डोकावला, माझ्याकडे पाहिलं आणि इतक्या दिवसांत पहिल्यांदा हसला. म्हणाला, “गुरुजी, लक्ष नाही!”

माझाच शेरा! आजीलाही हसू आवरेना. तिने तीच भजी कडक तेलात मिनिटभर पुन्हा तळली आणि चाळणीवर मोकळी पसरली. झाली परत कुरकुरीत! खाता खाता मला एकदाचं बोलता आलं. “आजी, भजी हे निमित्त होतं. मी वर्गात याला नको ते बोललो. त्याची माफी मागायला आलो होतो.” आजी थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, “मला ठाऊक हाय. दप्तर मीच धुतलं ना.”

पण बोललो होतो वर्गात, मग माफी ओट्यावर मागून कशी चालेल? सोमवारी वर्गासमोर उभा राहिलो आणि म्हणालो, “त्या दिवशी मी चुकलो. तुम्ही हसलात, कारण आधी मी हसवलं. माझ्या घरीही सुके बोंबील यायचे आणि मला ते फार आवडायचे.” तो मान खाली घालून वहीवर रेघोट्या मारत होता. काहीच बोलला नाही. पण मधल्या सुट्टीत त्याने व्हरांड्यातलं दप्तर काढलं आणि वर्गात आणून आपल्या जागेवर ठेवलं.

आता तुम्हाला ही भजी करायची असतील, तर आजीची पद्धत सांगतो. आठ ताजे बोंबील साफ करून मधून चिरा, मधला काटा काढा. मीठ-हळद लावून अर्धा ते एक तास वजनाखाली ठेवा आणि सुटलेलं पाणी फेकून द्या. मग प्रत्येकाचे तीन तुकडे करा. आलं, लसूण, हिरवी मिरची, कोथिंबिरीचं वाटण आणि अर्ध्या लिंबाचा रस चोळा. एक वाटी बेसनात पाव वाटी तांदळाचं पीठ, थोडं तिखट आणि ओवा घाला. मीठ बेतानं, कारण बोंबलाला आधीच लावलेलं असतं. भज्यांसाठी भिजवतो तसं पीठ घट्टसर भिजवा. तांदळाच्या पिठाने भज्यांना कुरकुरीतपणा येतो, ते विसरू नका. पिठाचा एक थेंब तेलात टाकून बघा. तो लगेच वर आला तर तेल तयार! थोडी थोडी भजी सोडा, सोनेरी तळा आणि चाळणीवर पसरा. झाकण ठेवाल तर तुम्हालाही शेरा मिळेल!

आणि हो, चिरणं आणि तळणं मोठ्यांनीच करायचं. तुम्ही पीठ भिजवा, वजन ठेवा, वेळ मोजा. आईबाबांनाही एक सांगणं: कढईतल्या तेलाने कधी पेट घेतलाच, तर त्यावर पाणी मुळीच टाकू नका. गॅस बंद करून कढईवर घट्ट झाकण ठेवा. पाण्याची वाफ तेल कसं उडवते, ते तुम्ही वर वाचलंच आहे.

ज्यांच्या घरी मासे करत नाहीत, त्यांनी बटाट्याची करावी. काप पुसून कोरडे करा, बाकी नियम तेच. पुढे माझी बदली सातारा जिल्ह्यात झाली. इथे ओले बोंबील कुठले? मीही बटाट्याचीच करतो.

तो मुलगा आता मोठा झाला आहे, वडिलांबरोबर होडीवर जातो. दर वर्षी नारळी पौर्णिमेनंतर होडी पहिल्यांदा भरून आली की त्याचा फोन येतो. भजी केलीत का, असं विचारतो. मी म्हणतो, “केली रे, बटाट्याची.” मग तिकडून हसणं ऐकू येतं आणि प्रश्न ठरलेला:

“पाणी काढलंत का, गुरुजी?”