पाणी लवकर उकळते, डाळ शिजत नाही

शाळेत आपण विज्ञानाचे नियम पाठ करतो, परीक्षेत उतरवून काढतो, आणि पुढे जन्मभर त्यांची आपली गाठ पडत नाही. पाणी शंभर अंशांवर उकळते, हे मुंबईच्या स्वयंपाकघरात खरेच असते. त्याची चौकशी करीत कोण बसतो? ज्याला ती करायची हौस असेल त्याने लेहला जावे. लडाखमधले हे शहर समुद्रसपाटीपासून सुमारे ३,५०० मीटर उंचावर, म्हणजे महाबळेश्वरच्या अडीचपटीहून अधिक उंचीवर आहे. तिथे गेल्यावर वाटते, निसर्गाने आपले कायदेकानू रजेवर पाठवले असावेत.

माझ्या गाडीत दादरचे एक कुटुंब होते. आजी-आजोबा, मुलगा-सून आणि आठवीतली नात. लेहला उतरल्यावर सूनबाईंनी पहिले आश्चर्य आणून दाखवले ते चिवड्याच्या बंद पिशवीचे. पिशवी फुग्यासारखी टम्म फुगली होती! आतली हवा होती तेवढीच होती. बाहेरच्या हवेचा दाब मात्र जवळजवळ दोन-तृतीयांशावर आला होता. साहजिकच आतली हवा हातपाय पसरून बसली.

"मुंबईत कुठे मिळते तिला एवढी ऐसपैस जागा?" आजोबा म्हणाले.

या कमी दाबामुळेच इथे पाणी ८८ अंशांच्या आसपास उकळू लागते. भांड्यात नुसती खळखळ चालते, आणि डाळ आपली कडक ती कडकच. उकळी लवकर येते, पण पाणी पुरेसे तापलेलेच नसते. म्हणून इथल्या स्वयंपाकघरात प्रेशर कुकरचे मोल फार. झाकण घट्ट बसले, की आत दाब वाढतो आणि पाणी अधिक तापते. उन्हाचीही तीच तऱ्हा. विरळ, कोरडी हवा ना ऊन अडवीत, ना ऊब धरून ठेवीत. उन्हात बसावे तर गाल भाजतात. दोन पावले सावलीत सरकावे तर शाल शोधावी लागते.

दुसऱ्या दिवशी आम्ही 'मॅग्नेटिक हिल' पाहायला गेलो. लेहपासून श्रीनगरच्या रस्त्याने सुमारे ३० किलोमीटरवर ही जागा आहे. रस्त्यावर एक चौकट रंगवलेली आहे. तिच्यात गाडी उभी करावी, गिअर काढावा, ब्रेक सोडावा, की गाडी आपण होऊन चढावर चालू लागते. डोंगरात लोहचुंबक आहे, असे लोक सांगतात. आमचीही गाडी चालली, आणि सगळ्यांनी टाळ्या पिटल्या. नातीने मात्र बाटलीतले थोडे पाणी रस्त्यावर ओतले. गाडी गेली त्याच बाजूला ते वाहत गेले.

"आजोबा, चुंबक लोखंड ओढील. पाणी कसे ओढील?"

झाले! चढ दिसत होता तो उतारच होता. भोवतालचे डोंगर अशा कलाने उभे आहेत आणि खरे क्षितिज असे झाकलेले आहे, की सपाटी कोणती हेच डोळ्याला उमगत नाही. अशा जागा जगात पुष्कळ आहेत.

पण लडाखची खरी करामत अशी फलक लावून उभी नसते. ती आमच्याच गाडीत बसली होती. तिसऱ्या दिवशी पहाटे पँगाँग सरोवराला निघायचे होते. वाटेत ५,३०० मीटरांहून उंच अशी चांग ला खिंड. आजींनी रात्री जेवण टाकले होते, सकाळचा चहाही तसाच ठेवला. आमच्या लडाखी ड्रायव्हरने ते पाहिले.

"माताजी, डोके दुखते का?"

"थोडेसे. त्याचे एवढे काय!"

मग हळूहळू उलगडा झाला. पहिल्या संध्याकाळपासून डोके ठणकत होते, रात्री उलटीही झाली होती. सहलीचा विरस नको, म्हणून आजी गप्प होत्या. मुलगा म्हणाला, परवाने काढलेत, पैसे भरलेत. ड्रायव्हरने किल्ली खिशात टाकली. "साहेब, सरोवर कुठे जात नाही."

त्याचे म्हणणे अगदी खरे होते. एवढ्या उंचीवर प्रत्येक श्वासात प्राणवायू मुंबईच्या दोन-तृतीयांशच मिळतो. शरीर त्याची सवय करून घेते. आधी श्वास वाढवते, पुढे रक्तातल्या तांबड्या पेशी वाढवते. पण त्याला दिवस लागतात, आणि विमानाने काही तासांत येणारा प्रवासी ते दिवस देतच नाही. दुखणे अंगावर काढून आणखी वर गेले, तर फुप्फुसात किंवा मेंदूत पाणी साठून जिवावर बेतते. तरुण, धडधाकट माणसालाही यातून सूट नाही. अशा वेळी वर जाणे थांबवावे. त्रास वाढला तर विनाविलंब खाली उतरावे. आजींना डॉक्टरांनी प्राणवायू दिला आणि विश्रांती सांगितली. त्या बऱ्या झाल्या. पँगाँग राहिले ते राहिलेच.

त्या रिकाम्या दिवसांत ड्रायव्हरने आम्हांला बर्फाच्या स्तूपांची हकीकत सांगितली. लेहला वर्षाकाठी पाऊस जेमतेम १०० मिलिमीटर. वसंतात पेरणीला पाणी हवे, तेव्हा वरच्या हिमनद्या अजून वितळू लागलेल्या नसतात. २०१३-१४ च्या सुमारास सोनम वांगचुक यांनी यावर तोड काढली. हिवाळ्यात उंचावरच्या ओढ्याचे पाणी नळाने खाली आणायचे आणि नळाचे तोंड उभे करायचे. उगम उंचावर असल्याने पाणी पंपावाचून कारंज्यासारखे वर उडते आणि कडाक्याच्या थंडीत गोठून शंकू उभा राहतो. शंकूचा थोडाच भाग उन्हाला सापडतो, म्हणून तो वसंतापर्यंत टिकतो आणि पेरणीच्या वेळी शेताला पाणी देतो. इथे पाणी खरोखरच वर चढते, तेही निसर्गाचा एकही नियम न मोडता!

आपण चार दिवसांचे पाहुणे चमत्कार पाहायला जातो. तिथे जन्म काढणारे नियमांचा हिशेब ठेवतात. मॅग्नेटिक हिल जरूर पाहावी, पाण्याची बाटलीही न्यावी. पण आधी लेहला दोन दिवस स्वस्थ पडून राहावे, आणि घरातल्या वडीलधाऱ्या बाईला रोज सकाळी विचारावे, डोके दुखते का? पहिल्या उत्तरावर मात्र समाधान मानू नये.